कॉफी लिकर बटरक्रीम घरी करताना: फाटू नये, ओघळू नये म्हणून

चॉकलेट केकवर कॉफी लिकरचं, म्हणजे कॉफीच्या चवीच्या गोड मद्याचं, बटरक्रीम लावायचं ठरतं. बटर आणि साखर फेटून छान फुललेलं मिश्रण तयार होतं. मग बाटलीतून अंदाजाने लिकर ओतली जाते आणि दोन मिनिटांत भांड्यात फाटलेल्या दुधासारखे कण दिसू लागतात. माझ्याकडे केक शिकायला येणाऱ्यांच्या हातून हे वारंवार झालेलं मी पाहिलं आहे. त्यावर केला जाणारा उपायही जवळजवळ ठरलेला असतो, तो म्हणजे आणखी साखर. त्याने मिश्रण घट्ट होतं, पण फाटलेलं ते फाटलेलंच राहतं आणि पहिल्याच घासाला गोडाने तोंड फिरतं.

यात लिकरचा दोष फारच क्वचित असतो. बटर किती गार-गरम होतं आणि त्यात एकूण पाणी किती गेलं, या दोन गोष्टींवर सगळं ठरतं. ज्यांच्या घरी अजून सायीचं विरजण लावून लोणी काढतात, त्यांना हे चटकन कळेल. घुसळताना आपण उन्हाळ्यात बर्फाचं पाणी घालतो आणि थंडीत कोमट. साय फार गरम असेल तर लोणी तेलकट आणि सैल येतं, फार गार असेल तर घुसळून हात दुखतात तरी गोळा येत नाही. बटरक्रीममध्ये आपल्याला नेमकं उलट साधायचं असतं. तिथे लोणी पाण्यापासून सुटायला हवं असतं, इथे सुटता कामा नये. तापमानाचं भान मात्र दोन्हीकडे सारखंच लागतं.

पुढची कृती बिनअंड्याची आहे. तिला फक्त हातात धरायचा इलेक्ट्रिक बीटर पुरतो.

## प्रमाण

- बिनमिठाचं बटर: २५० ग्रॅम (५०० ग्रॅमच्या पाकिटाचं निम्मं)
- आयसिंग शुगर: ४०० ग्रॅम
- कॉफी लिकर: ४५ मिली, म्हणजे ५ मिलीचे ९ छोटे चमचे
- इन्स्टंट कॉफी: ५ ग्रॅम, साधारण १ मोठा चमचा सपाट
- मीठ: २ चिमटी
- व्हॅनिला इसेन्स: अर्धा छोटा चमचा

यातून साधारण ७०० ग्रॅम बटरक्रीम होतं. ७ इंची दोन थरांच्या केकला आतून-बाहेरून पुरतं, किंवा १८ कपकेकवर मध्यम आकाराची फुलं काढता येतात. बटर आणि साखर वजनकाट्यावरच मोजा. वाटीत आयसिंग शुगर दाबून भरली की सैल भरली, यावर वजन बरंच बदलतं.

## टप्पा १: खरेदी करताना

बटर. पोळीला, पावाला लावायचं पिवळं बटर खारवलेलं असतं. त्यात साधारण २ ते ३ टक्के मीठ असतं. २५० ग्रॅम घेतलं तर ५ ते ७ ग्रॅम, म्हणजे एक छोटा चमचा भरून मीठ केकवर जाईल. पाकिटावर ‘अनसॉल्टेड’ हा शब्द वाचूनच घ्या. रंग फिका दिसेल, ते योग्यच आहे.

घरचं लोणी चालेल का, हे हमखास विचारलं जातं. या कृतीसाठी वापरू नका. दुकानातल्या बटरमध्ये पाणी साधारण १६ टक्के असतं. घरच्या लोण्यात ताक किती राहिलंय याचा नेम नसतो, आणि आपल्याला तर वरून आणखी पाणी घालायचं आहे. शिवाय विरजणाचा आंबूसपणा कॉफीशी जुळत नाही. ते लोणी थालीपिठासाठी ठेवा. मार्गरीन आणि ‘टेबल स्प्रेड’ही टाळा. बाजारातल्या केकवर असते ती व्हिपिंग क्रीम हा वेगळाच पदार्थ आहे, इथलं प्रमाण तिला लागू होत नाही.

लिकर. वाईन शॉपमध्ये ‘कॉफीची लिकर’ एवढंच सांगितलं की काही वेळा आयरिश क्रीमची बाटली हातात दिली जाते. तिचा पाया व्हिस्की आणि दुधाची साय यांचा असतो आणि कॉफीची चव नावापुरतीही असेलच असं नाही. आपल्याला हवी ती कॉफी लिकर काळपट, पारदर्शक आणि पाकासारखी असते. काहलुआ किंवा टिया मारिया या त्यातल्या सर्वांना माहीत असलेल्या. आता गोव्यातही कॉफी लिकर बनते. मद्यार्काचं प्रमाण बहुतेक बाटल्यांवर १६ ते २५ टक्क्यांच्या दरम्यान लिहिलेलं दिसेल. ५० मिलीची छोटी बाटली मिळाली तर एका घाण्याला तेवढी पुरे, ७०० मिलीची घ्यायची गरज नाही. महाराष्ट्रात अशी खरेदी करायला वयाची २५ वर्षं पूर्ण हवीत आणि परवानाही लागतो.

कॉफी. पाकिटाच्या मागची बाजू वाचा. ‘कॉफी आणि चिकोरीचं मिश्रण’ असेल तर त्याच चमच्यात कॉफी कमी जाते आणि चवीला किंचित करपल्यासारखी छटा येते. शुद्ध इन्स्टंट कॉफी घ्या. फिल्टर कॉफीची पूड अजिबात नको. ती विरघळत नाही, दाताखाली वाळूसारखी येते.

लिकर मिळाली नाही तर. डार्क रम घरात असेल तर कामचलाऊ कॉफी लिकर जमते. १०० ग्रॅम साखर आणि १०० मिली पाणी गॅसवर ठेवा, साखर विरघळून एक उकळी आली की बंद करा. गरम पाकातच २ मोठे चमचे इन्स्टंट कॉफी ढवळा. पाक पूर्ण गार झाला की १०० मिली डार्क रम मिसळा. ४२.८ टक्क्यांची रम असेल तर तयार मिश्रण साधारण १६ टक्क्यांचं होतं. बाटलीत भरून दोन-तीन दिवस ठेवलं की रमचा तिखटपणा बसतो.

> सावधान: पाक गॅसवर असताना रम ओतू नका. मद्याची वाफ ज्योतीपाशी पेट घेते. गॅस बंद, पाक गार, मगच रम.

## टप्पा २: कॉफीचा अर्क आधी करून ठेवा

बहुतेक जण हे काम शेवटी ठेवतात आणि मग कोमट अर्कच बटरमध्ये ओततात. म्हणून मी ते सर्वांत आधी करायला लावते.

१. ४५ मिली लिकर मोजून छोट्या स्टीलच्या वाटीत घ्या. बाटलीतून ‘थोडीशी’ अंदाजाने थेट ओतायची नाही.

२. दुसऱ्या पसरट भांड्यात कढत पाणी घ्या आणि वाटी त्यात ठेवा. वाटी गॅसवर नको. तिथेही वाफ पेटण्याचा धोका असतो आणि ज्या वासासाठी लिकर आणली तोच उडून जातो.

३. दोन मिनिटांनी इन्स्टंट कॉफी आणि मीठ घालून ढवळा. चमच्याच्या पाठीला एकही दाणा दिसता कामा नये. शंका असेल तर चहाच्या बारीक गाळणीतून गाळून घ्या.

४. वाटी बाहेर काढून झाकून ठेवा.

> तपासा: बटरमध्ये घालण्याआधी वाटीच्या तळाला बोट लावा. ऊब जाणवली तर थांबा. पण वाटी फ्रिजमध्येही ठेवू नका. फार गार अर्कानेही बटर फाटतं.

चव कमी वाटेल म्हणून लिकर वाढवायचा मोह इथेच होतो. हा हिशोब एकदा नीट समजून घ्या. लिकर म्हणजे मुख्यतः पाणी, साखर आणि मद्यार्क. कॉफीची खरी धार इन्स्टंट कॉफीतून येते, लिकर तिला रमसारखा गोडसर, उबदार वास देते. म्हणून चव वाढवायची असेल तर कॉफी अर्धा चमचा वाढवा. लिकर ४५ मिलीच राहू द्या.

## टप्पा ३: साखर चाळा

आयसिंग शुगरच्या पाकिटात पावसाळ्यात हटकून गाठी होतात. पिठाच्या चाळणीने दोनदा चाळा. चाळणीवर उरलेल्या गाठी बोटाने दाबून खाली ढकलू नका. त्या पुन्हा मिक्सरमधून काढा.

घरी साखर दळणार असाल तर भांडं कोरडंठाक हवं. थांबत थांबत फिरवा, कारण मिक्सरचं भांडं तापलं की साखर दमट होते. दर १०० ग्रॅमला १ छोटा चमचा कॉर्नफ्लॉवर मिसळा आणि तलम मलमलीतून चाळा. चिमूट जिभेवर ठेवून टाळूला घासा. कण लागले तर पुन्हा दळा. बटरमध्ये गेल्यावर ते कण फेटून मोडत नाहीत. कॉफीच्या अर्कात पाणी एवढं कमी असतं की सगळी साखर त्यात विरघळूच शकत नाही.

## टप्पा ४: बटर योग्य तापमानाला आणा

सगळ्यांत जास्त चुका इथे होतात, म्हणून थोडं सविस्तर लिहिते.

इंग्रजी कृतींमध्ये ‘बटर खोलीच्या तापमानाला आणा’ असं लिहिलेलं असतं. तिकडची खोली १९-२० अंश सेल्सिअसची असते. नागपुरात मे महिन्यात स्वयंपाकघरात ३८ अंश असतात, ठाण्यात ३३ आणि वर दमटपणा. अशा खोलीत तासभर ठेवलेलं बटर मऊ होत नाही, वितळतं. नाशिक-पुण्याच्या डिसेंबरातल्या सकाळी तेच बटर दीड तासानेही कडक असतं. म्हणजे घड्याळ इथे कामाचं नाही.

आपल्याला बटर १८ ते २० अंशांना हवं. बटर पूर्ण वितळतं ते साधारण ३२ ते ३५ अंशांना, पण २४-२५ च्या पुढे गेलं की वितळलेलं दिसत नसलं तरी हवा धरून ठेवण्याची ताकद जाते. बीटर फिरताना घर्षणाने तापमान आणखी एक-दोन अंश चढतं. त्यामुळे सुरुवात १८ ला करणं केव्हाही बरं.

१. फ्रिजमधलं बटर सुरीने एक-एक सेंटिमीटरचे तुकडे करून ताटात मोकळं पसरा. अख्खी वडी ठेवली तर बाहेरून वितळते आणि आत दगड राहते.

२. कडक उन्हाळ्यात दर ५ मिनिटांनी बघा. १० ते १५ मिनिटांत तयार होतं. थंडीत ४५ मिनिटं ते तासभर लागेल.

३. काटा असलेला स्वयंपाकघरातला थर्मामीटर असेल तर तुकड्यात खुपसून बघा. नसेल तर बोट पुरे.

> तपासा: तुकडा बोटाने दाबा. खळगा पडला पाहिजे, कडा तुटता कामा नयेत, आणि बोट तेलकट चमकायला नको. बोट चमकलं तर उशीर झाला, ताट ५ मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. तुकड्याला तडा गेला तर अजून लवकर आहे.

मायक्रोवेव्हमध्ये १० सेकंद फिरवून काम उरकू नका. मध्येच एखादा तुकडा वितळतो. एकदा वितळलेलं बटर पुन्हा गोठवलं तरी पहिल्यासारखं फुलत नाही, त्याच्या आतल्या स्फटिकांची रचना बदललेली असते. असं बटर वरणाच्या फोडणीला वापरा आणि केकसाठी नवीन घ्या.

ज्या भांड्यात फेटायचं तेही उन्हाळ्यात १० मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. स्टीलचं भांडं उत्तम, ते चटकन गार होतं आणि गरज पडली तर चटकन गरमही करता येतं. बाजूला एका परातीत बर्फाचं पाणी काढून ठेवा. मिक्सर-ग्राइंडरच्या भांड्यात हे करू नका. पाती हवा भरत नाहीत आणि बटर तापवतात.

## टप्पा ५: आधी नुसतं बटर फेटा

साखर घालायची घाई नको. बटर एकटंच मध्यम वेगावर ४ ते ५ मिनिटं फेटा. दर मिनिटाला थांबून कडेचं आणि तळाचं स्पॅच्युलाने (रबरी चपट्या चमच्याने) खरवडून मध्ये घ्या. तळाशी चिकटलेलं गार बटर न खरवडता तसंच राहिलं तर पुढे क्रीममध्ये पिवळे ठिपके दिसतात.

> तपासा: रंग पिवळसरचा जवळजवळ सायीसारखा पांढरट झाला पाहिजे आणि बीटर उचलल्यावर मऊ टोक उभं राहिलं पाहिजे. चकाकी आली, कडेला तेलासारखं दिसलं तर भांडं लगेच बर्फाच्या पाण्याच्या परातीत ठेवा, मिनिटभराने पुन्हा फेटा.

## टप्पा ६: साखर तीन वेळा घाला

एक तृतीयांश साखर घाला आणि बीटर सुरू करण्याआधी स्पॅच्युलाने हाताने कालवा. मग सर्वांत कमी वेगावर मिनिटभर. उरलेली साखर दोन वेळा अशीच. थेट वेगात सुरू केलं तर साखरेचा धुरळा अख्ख्या ओट्यावर बसतो आणि प्रमाणातली थोडी साखर वायाही जाते. सगळी गेली की मध्यम वेगावर २ मिनिटं.

या टप्प्याला मिश्रण घट्टसर वाटेल. बीटरला जड जाईल. तसंच हवं, कारण अर्काला जागा ठेवायची आहे. ‘सैल करायला’ चमचाभर दूध घालायची सवय अनेकांना असते. ती इथे मोडावी लागते. ते दूध म्हणजे नंतरच्या लिकरची जागा आधीच भरणं.

लहान मुलांसाठी वेगळं काढायचं असेल तर आत्ता काढा. निम्मं मिश्रण दुसऱ्या भांड्यात घ्या. त्यासाठी दीड छोटा चमचा इन्स्टंट कॉफी आणि १ छोटा चमचा ब्राऊन शुगर ४ छोटे चमचे कढत पाण्यात विरघळवून गार करा आणि पुढच्या टप्प्यात लिकरच्या अर्काऐवजी तेच वापरा. उरलेल्या निम्म्याला लिकरचा अर्कही निम्माच घाला. दोन भांड्यांना दोन वेगळे चमचे ठेवा. फिल्टर कॉफीचं डिकॉक्शन मात्र यात नको, तेवढी चव आणायला जितकं घालावं लागतं तितकं पाणी बटर पेलत नाही.

## टप्पा ७: लिकर, छोट्या चमच्याने

व्हॅनिला अर्कात मिसळा. बीटर मध्यम-कमी वेगावर चालू ठेवा आणि एक छोटा चमचा अर्क भांड्याच्या कडेने सोडा. १५ ते २० सेकंद फेटा. तो पूर्ण जिरला, कुठे ओल दिसत नाही, मगच पुढचा चमचा. असे नऊ. यात तीन-साडेतीन मिनिटं जातात.

का एवढं हळू? बटर म्हणजे स्निग्धांशात अडकलेले पाण्याचे अतिबारीक थेंब. नवं पाणी एकदम आलं तर त्याचे मोठे थेंब बनतात, ते एकमेकांना मिळतात आणि स्निग्धांशापासून बाहेर पडतात. थोडं थोडं घालून फेटलं तर प्रत्येक वेळी थेंब बारीक होतात आणि आत मावतात.

सहाव्या चमच्याला थांबा. स्पॅच्युलावर थोडं घेऊन उलटं धरा. घसरत असेल, तर उरलेला अर्क घालू नका, आधी भांडं ५ मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. दमट हवेत साखरेने आधीच ओल ओढलेली असते, तेव्हा सात-आठ चमच्यांतच पुरे होतं. उरलेला अर्क केकच्या थरांवर ब्रशने लावा, वाया जात नाही.

> तपासा: रंग दुधाळ कॉफीसारखा एकसारखा, पोत गुळगुळीत, बीटर उचलल्यावर टोक किंचित वाकून उभं. थर्मामीटर असेल तर २१ ते २३ अंश.

शेवटी दोन मिनिटं स्पॅच्युलाने भांड्याच्या कडेवर दाबून दाबून हाताने कालवा. बीटरने भरलेले मोठे बुडबुडे यात फुटतात. हे टाळलं तर केकवर सुरी फिरवताना छोटी छोटी भोकं पडतात आणि कितीही गुळगुळीत करायला गेलं तरी जात नाहीत.

## बिघडलं तर: आधी भांड्याच्या तळाला हात लावा

उपाय करण्याआधी बिघाड गारव्याचा आहे की उष्णतेचा, ते ठरवा. दोन्हींत मिश्रण फाटल्यासारखं दिसतं आणि उपाय बरोबर उलटे आहेत. घाईत चुकीचा उपाय केला की हमखास वाया जातं.

तळ गार, मिश्रणात पनीरसारखे कडक कण. बटर थंड पडलंय. ३ मोठे चमचे मिश्रण वाटीत घेऊन गरम पाण्यावर वितळवा, कोमट करा आणि बीटर चालू असताना परत ओता. किंवा गरम पाण्यात पिळलेला पंचा भांड्याभोवती मिनिटभर गुंडाळून फेटत राहा. दोन-तीन मिनिटांत कण विरघळून क्रीम पुन्हा जुळून येतं. मधल्या मिनिटाला ते आणखीच वाईट दिसतं. तेव्हा धीर सोडू नका.

तळ कोमट, मिश्रण सैल, तेलकट, चमकणारं. बटर तापलंय. भांडं १० ते १२ मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा, कडेला गोठू लागलं की खरवडून मध्ये घ्या आणि मध्यम वेगावर फेटा. अजून सैल असेल तर पुन्हा ५ मिनिटं. साखर घालू नका, साखरेने बटर गार होत नाही.

तापमान ठीक, पण तळाशी तपकिरी पाणी साचलंय. अर्क जास्त झाला किंवा भराभर गेला. साचलेलं पाणी वाटीत ओतून काढा. २ मोठे चमचे नवीन मऊ बटर वेगळं फेटून घ्या आणि त्यात हे फाटलेलं मिश्रण चमचा-चमचा मिसळत जा. उलट दिशेने करायचं, हे लक्षात ठेवा. नव्या बटरमध्ये जुनं घालायचं.

दाताखाली साखर. पूर्ण जात नाही. झाकून रात्रभर फ्रिजमध्ये ठेवा, सकाळी मऊ करून पुन्हा फेटा, थोडं कमी होतं. असं क्रीम केकच्या आतल्या थरांत वापरा.

कडू झालं. आणखी एक चिमूट मीठ घालून मिनिटभर फेटा आणि मगच चाखा. साखरेकडे नंतर वळा. पुष्कळदा गरज पडत नाही.

फिकं वाटतंय. लगेच काही करू नका. ताज्या क्रीममध्ये गोडवा पुढे येतो. काही तासांनी कॉफी उठून लागते. दुसऱ्या दिवशीही फिकंच असेल तर १ छोटा चमचा इन्स्टंट कॉफी १ छोटा चमचा कढत पाण्यात विरघळवून, गार करून घाला.

## टप्पा ८: केकवर लावताना

केक पूर्ण गार हवा. वरून गार वाटतो, पण मधोमध ऊब असते. केक तळहातावर उलटा घेऊन बुडाचा मध्यभाग तपासा. मी शक्यतो केक आदल्या दिवशी भाजते आणि गुंडाळून फ्रिजमध्ये ठेवते.

पहिला थर अगदी पातळ द्या, चुरा धरण्यापुरता. केक १५ मिनिटं फ्रिजमध्ये ठेवून मग जाड थर. पायपिंग करताना, म्हणजे बॅगेतून क्रीम पिळून फुलं काढताना, बॅगेत एका वेळी मूठभरच भरा. हाताच्या उबेने बॅगेतलं क्रीम पाच-सात मिनिटांत सैल होतं. फुलांच्या पाकळ्या पडू लागल्या तर बॅग फ्रिजमध्ये ठेवा आणि दुसरी घ्या. उन्हाळ्यात पंख्याखाली काम करून उपयोग नसतो, एसी नसेल तर सकाळी सहा-सातला सजावट उरका.

## टप्पा ९: वाढण्यापूर्वी सांगा

हे क्रीम भाजलं जात नाही, त्यामुळे मद्यार्क उडून जात नाही. २० टक्क्यांच्या ४५ मिली लिकरमध्ये ९ मिली शुद्ध मद्यार्क असतो. केकचे १२ तुकडे केले तर प्रत्येकात पाऊण मिली. ३० मिलीच्या व्हिस्कीच्या पेगमध्ये तो जवळपास १३ मिली असतो, त्या मानाने हे फार कमी आहे. तरीही ते शून्य नाही. लहान मुलं, गरोदर बाई, औषधोपचारावर असलेली माणसं, दारू सोडलेलं कोणी, किंवा धर्माने वा मनाने न घेणारं कोणी, यांना केक हातात देण्याआधी माहीत असणं हा त्यांचा हक्क आहे. वाढदिवसाच्या गर्दीत सांगायचं राहून जातं, म्हणून केकच्या खोक्यावर मोठ्या अक्षरात ‘यात लिकर आहे’ असं लिहा. केक विकत असाल तर ऑर्डर घेतानाच सांगा आणि लेबलवरही छापा.

## टप्पा १०: साठवण आणि ने-आण

हवाबंद डब्यात फ्रिजमध्ये ५ ते ७ दिवस, फ्रीझरमध्ये दोन महिने. बटर आजूबाजूचा वास पटकन ओढून घेतं. आलं-लसणाची पेस्ट, सुकट किंवा कापलेला फणस त्याच फ्रिजमध्ये असेल तर डबा आणखी एका पिशवीत गुंडाळा.

फ्रीझरमधलं क्रीम आदल्या रात्री खालच्या कप्प्यात उतरवा, सकाळी बाहेर काढून टप्पा ४ मधली बोटाची तपासणी करा आणि मगच बीटर लावा. गारेगार असताना फेटलं तर फाटणारच.

सजवलेला केक फ्रिजमधून काढल्यावर खोकं लगेच उघडू नका. मुंबई-कोकणातल्या दमट हवेत क्रीमवर दव धरतं, फुलांचा रंग ओघळतो. खोकं बंद ठेवूनच अर्धा-पाऊण तास बाहेर राहू द्या, दव खोक्यावर धरेल. गाडीतून न्यायचा असेल तर फ्रिजमध्ये किमान ३ तास ठेवलेला केक न्या. तो पायाशी सपाट जागेवर ठेवा, सीट उतरती असते. एसीचा झोत खालच्या दिशेला करा आणि डिकीत मात्र केक कधीही ठेवू नका.